थोपवणीतले तीन श्वास

पेटीमास्तरांचं आणि त्यांच्या जावयाचं विळ्या-भोपळ्याचं सख्य होतं आणि ते साऱ्या गावाला ठाऊक होतं, कारण मास्तर त्याचं रोज प्रदर्शन मांडत. सकाळी अकराला वेळ-कचेरीत जावई पेटीवर थोपवणी वाजवायला बसला, की बाहेर व्हरांड्यात खिडकीजवळच्या बाकावर मास्तर वही उघडून त्याच्या चुका टिपायला बसत.

थोपवणी म्हणजे नऊ ओळींची जुनी धून. ती रोज वाजली तर वेळ जागच्या जागी राहते, नाहीतर दावं सुटल्यासारखी उधळते. मास्तरांनी ती एकतीस वर्षं वाजवली; अंगात ताप असताना, बायको गेली त्या दिवशीसुद्धा. निवृत्त झाल्यावर कचेरीनं बाकाच्या वर पितळी पाटी ठोकली, 'एकतीस वर्षे निर्दोष वादन'. मास्तर ती रोज रुमालानं पुसत. त्यांना खरं तर आणखी दोन वर्षं हवी होती, पण त्याच जागेसाठी जावयानं अर्ज केला आणि त्याची नेमणूक झाली. त्याला शिकवलं मास्तरांनीच, धून कागदावर उतरवून दिली तीही त्यांनीच. पण त्या अर्जापासून जावई डोळ्यांत खुपला तो खुपलाच.

आणि खरोखरच, जावई बसल्यापासून वेळ बिघडली. फार नाही, रोज जराशी. अंडी कच्ची राहू लागली, धडा संपायच्या आत शाळेची घंटा होऊ लागली, न्हाव्याकडची गिऱ्हाइकं अर्ध्या दाढीनिशी कामावर पळू लागली. जावई दार लावून आत बसे, म्हणून लोकांचा राग निघे मास्तरांच्या लेकीवर. ती रोज दोन डबे घेऊन यायची, एक आत नवऱ्याला, एक बाहेर बापाला.

"तुझा नवरा आमचा दिवस खातो आणि तू त्याला वर डबा आणतेस," भाजीवाली तिला भर रस्त्यात सुनवायची.

मास्तर हे बाकावरून ऐकत आणि मूग गिळून बसत. लेकीचं वाईट वाटे, नाही असं नाही. पण जावयाची जिरतेय याचं सुख त्याहून मोठं होतं. माणूस असा होता, त्याला काय करणार.

वहीत मात्र सहा वर्षांत धड एक चूक जमली नव्हती. 'मान उगाच हलवली', 'भाता जोरात ओढला', असलीच खुसपटं.

शेवटी तक्रारी वरपर्यंत गेल्या आणि तपासनीस बाई आल्या. त्यांच्याजवळ एक मोहोरबंद घड्याळ होतं. बाहेर वेळ कितीही घसरो, ते हलत नसे. पहिल्या दिवशी जावयानं वाजवलं. गावाची वेळ त्या घड्याळापेक्षा दहा सेकंद कमी भरली.

"उद्या मास्तर वाजवतील," बाई म्हणाल्या. "त्यांचं बरोबर आलं, तर तुमची नोकरी गेली असं समजा."

दुसऱ्या दिवशी मास्तर इस्त्रीचा सदरा घालून आले. त्यांनी आठ ओळी अशा वाजवल्या की शिपायानंही डोळे मिटले. मग नववी वाजवली आणि पेटी बंद केली. बाईंनी घड्याळ पाहिलं. सेकंदाचाही फरक नव्हता.

मास्तरांनी जावयाकडे पाहिलं. "शिका जरा, जावईबापू."

जावयाच्या हातात मास्तरांनीच लिहिलेला कागद होता. "मामा," तो म्हणाला, "आठवीनंतर तुम्ही थांबलात. डबी काढलीत, तपकीर ओढलीत आणि मग नववी घेतलीत. चांगले तीन श्वास गेले. कागदावर थांबा नाहीये."

मास्तरांनी अंगठ्याकडे पाहिलं. त्यावर तपकिरीची भुकटी होती. गुरूंनी तिथं कधीच थांबायला शिकवलं नव्हतं. एकतीस वर्षं ते धून मध्येच तोडून चिमूट ओढत होते आणि वेळेला तेच वळण लागलं होतं. जावई सहा वर्षं अगदी बरोबर वाजवत होता.

"हा थांबा मूळ धुनेत आहे का?" बाईंनी विचारलं.

उघड्या दारातून पाटी दिसत होती. दारातच दोन डबे घेऊन लेक उभी होती.

"आहे," मास्तर म्हणाले.

"मग कागदावर का नाही? अक्षर तर तुमचंच आहे."

मास्तरांनी डबी खिशात सरकवली. "मी लिहिला नाही. मुद्दाम."

लेक पुढे आली.

"बाबा, सहा वर्षं लोक माझ्या तोंडावर बोलले. तुम्हाला माहीत होतं?"

चुकलो, मला ठाऊकच नव्हतं, एवढं म्हटलं असतं तरी पुष्कळ होतं. मास्तरांच्या ओठांपर्यंत ते आलंही. पण पितळेची पाटी फार चकचकीत होती.

"त्यानं अर्ज करायला नको होता," ते म्हणाले.

बाईंनी कागदावर आठवीखाली लाल शाईनं लिहिलं, 'येथे तीन श्वास थांबावे', आणि सही केली. जावयाची नोकरी राहिली. पाटीही राहिली.

दुसऱ्या दिवशी अकराला मास्तर बाकावर होते. वही आणली नव्हती. आत आठ ओळी झाल्या आणि जावई थांबला. मास्तरांचा हात आपसूक खिशाकडे गेला. त्यांनी तो मांडीखाली दाबून धरला. तेवढ्यात लेक पायऱ्या चढून वर आली, त्यांच्या समोरून सरळ आत गेली. तिच्या हातात एकच डबा होता.

मग नववी ओळ सुरू झाली.