कुंकवाखालचा नंबर

ठाण्यातल्या एका बंदूक-दुरुस्तीच्या दुकानात चांगदेव शेजवळांचा शब्द म्हणजे काळ्या दगडावरची रेघ. कंपनी बुडून साठ वर्षं झालेल्या दुनळी बंदुकीतला गंजका तुकडा ते तळहातावर घ्यायचे आणि सांगायचे, "हा डाव्या नळीचा. आता मिळत नाही, शोधावा लागेल." मानपाड्याच्या कारखान्यात तीस वर्षं फिटरकी केलेला माणूस. नजरेचा गर्व होता, आणि गर्वाचं घर खाली म्हणतात ते काही उगीच नाही.

मलंगगडाकडच्या धोंडीबांची आजोबांच्या वेळची दुनळी आली ती दसरा झाल्या झाल्या. काडतुसावर आदळणारा घोडा चाप ओढेपर्यंत अडवून धरणारा आतला खटका झिजलेला. जुन्या सुट्या भागांच्या डब्यात तसे दोन जातींचे खटके होते, दिसायला जुळे भाऊ. कुठला बसवायचा ते नळ्यांच्या पोटावरचा नंबर सांगतो. पण त्या नंबरावर कित्येक दसऱ्यांचं हळद-कुंकू थापून बसलेलं. चांगदेव बौद्ध. दुसऱ्याच्या पूजेचं कुंकू आपण खरवडलं तर म्हातारा काय म्हणेल? विचारायचाही त्यांना संकोच वाटला. नजरेनेच एक खटका निवडला, कानशीने जरा घासला आणि बसवून दिला.

पंधरा दिवसांनी, उभ्या भातात डुकरं शिरली म्हणून धोंडीबांनी काडतूस भरून बंदूक मिटली आणि ती आपोआप उडाली. छर्रे पुढे चाललेल्या त्यांच्या बायकोच्या, गोदाच्या पायात घुसले.

पोलिसांकडून सुटून बंदूक तपासायला दुकानात आली तेव्हा चांगदेवांनी रॉकेलचा बोळा फिरवून नंबर वाचला. खटका दुसऱ्याच जातीचा. बरोबरचा खटका गुपचूप बसवून त्यांनी डबा मिटला आणि तोंडही. धोंडीबांनी तर जबाबच दिला होता, माझंच बोट चापावर गेलं असणार. मग आपण कशाला बोला? पण वर्षभर त्यांना घास गोड लागला नाही. बायको रमाबाई विचारायची, तर पित्त झालंय म्हणायचे. पित्त कसलं, पाप खात होतं.

यंदा धोंडीबा दुकानात आले. सोबत काठी टेकत गोदा.

"चांगदेवभाऊ, बंदूक सरकारजमा करतोय. माझ्या हाताचा भरवसा नाय राहिला. तुम्ही एवढी मेहनत घेतलेली, म्हणून सांगायला आलो."

आता मात्र चांगदेवांना राहवलं नाही. "हात नाही चुकला तुमचा. खटका मी चुकीचा बसवला. नंबर वाचलाच नाही मी, त्यावर कुंकू होतं."

धोंडीबा म्हणाले, "अहो, बोलायचं ना. मीच पुसलं असतं." मग बायकोकडे वळले. "तू रोज सांगायचीस, बोट चापावर नव्हतं. मला वाटायचं, माझी कीव येते म्हणून बोलतेस."

चांगदेवांनी हात जोडले. "वहिनी, पायाचा सगळा इलाज मी करतो."

"पायाचं काय नाय भाऊ," गोदा म्हणाली. "वर्षभर हा माणूस माझ्यासमोर जेवायला बसला नाय. ते कसं भरून देणार?"