दीड मिनिटाचा पोस्टमास्तर

दोन हजार दोन साली मी अमेरिकेत शॉमबर्गच्या एका अपार्टमेंटमध्ये एकटा राहत होतो. बायको व्हिसाची वाट पाहत पुण्यात, आणि माझ्याजवळ लग्नाची कॅसेट. भारतातली कॅसेट अमेरिकन व्हीसीआरवर लागत नाही, म्हणून सगळ्या देशांच्या कॅसेटी लावणारा व्हीसीआर घेतला होता. शनिवारी मी स्वतःच्याच लग्नाला हजेरी लावायचो. तिथंही मला कोणी विचारत नव्हतं. कॅमेरा सगळा वेळ पंगतीवर.

अशाच एका शनिवारी सकाळी खालच्या मजल्यावरच्या म्हाताऱ्या गृहस्थांनी दार वाजवलं. इस्त्रीचा कोट, हातात कॅसेट.

"तुम्हा इंडियन लोकांकडे ते मशीन असतं म्हणे."

ते चेक होते, आणि एकेकाळी प्रागला सिनेमा-टीव्हीत नट. मी अदबीनं सावरून बसलो.

"तसं काही नको," ते म्हणाले. "मी आयुष्यभर दारं उघडली. 'मंत्रीसाहेब आलेत' म्हणायचं आणि बाहेर. तीनदा प्रेत झालो. तेवढ्याचं कौतुक झालं."

एकाच सिनेमात त्यांना दीड मिनिटाचं भाषण होतं. गावच्या शाळामास्तराच्या अंत्यविधीत बोलणारा पोस्टमास्तर. शूटिंग संपल्यावर आठवडाभरात ते बायको-मुलीला घेऊन देश सोडून आले. सिनेमा पाहिलाच नाही. आता भाच्यानं तिकडच्या टीव्हीवरून टेप करून पाठवला होता. नातीच्या लेखी आजोबा म्हणजे फर्निचरच्या दुकानातले निवृत्त कारकून.

"उद्या ती येतेय. तिला एकदा दाखवायचंय. आधी मी बघतो."

मी कॅसेट लावली. पडद्यावर पोस्टमास्तर आला. उंच, टोपी हातात. त्यानं तोंड उघडलं आणि म्हातारे खुर्चीत पुढे सरकले.

"हा मी नाही."

मी पडद्याकडे पाहिलं. नाक तर तेच होतं.

"आवाज माझा नाही."

तिकडे संवाद शूटिंगनंतर स्टुडिओत भरत. हे निघून गेल्यावर ते काम दुसऱ्या कुणाकडून उरकलं होतं; इतक्या वर्षांत हे त्यांच्या ध्यानातच आलं नव्हतं. त्यांनी मला तीनदा कॅसेट मागे घ्यायला लावली.

"चांगला बोललाय मेला," शेवटी ते म्हणाले, आणि कॅसेट माझ्याकडेच ठेवून गेले.

रविवारी दुपारी मुलगी आणि दहा-बारा वर्षांची नात त्यांच्याबरोबर वर आल्या. मी चिवडा काढून ठेवला होता. पोस्टमास्तर दिसायच्या आत म्हाताऱ्यांनी उठून टीव्हीचा आवाज पार बंद केला.

"पपा, आवाज?"

"यांचं मशीन बिघडलंय."

मुलीनं मशीनकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"घेतल्यापासून असंच आहे," मी म्हणालो.

"ग्रँडपा, तुला केस होते!" नात ओरडली. "काय बोलतोयस पण?"

म्हातारे उभे राहिले. पडद्यावरच्या ओठांच्या जरा मागून, अडखळत, इंग्रजीत सांगू लागले. मास्तर गेला, ह्याची पत्रं मीच पोचवायचो, आता ह्याच्या नावानं येतील ती मी कुठं देऊ? पडद्यावरचे ओठ थांबले. पोस्टमास्तरानं टोपी घातली, माणसं पांगली, सिनेमा दुसऱ्याच कुठल्या लग्नघरात गेला. हे बोलतच होते. नातीनं चिवड्यातला हात काढून घेतला.

मुलीनं रिमोट उचलला, हातात धरला आणि तसाच खाली ठेवला.