दोन रिंगांचा नियम

आमच्या साखळीचा नियम मी केला होता, आणि तो मोडणाऱ्याला समज देण्याचे काम मीच स्वतःकडे घेतले होते. हे आधी लिहून ठेवतो. मागाहून लिहायचे ठरवले तर बहुधा राहून जाईल.

साखळी सुरू झाली ती कसब्यातल्या आमच्या गल्लीतल्या पिठाच्या गिरणीत. एका गृहस्थांचा दळणाचा डबा तेथे तीन दिवस पडून राहिला. ते एकटे राहत, आणि त्यांचा डबा संध्याकाळपलीकडे कधी राहत नसे. तिसऱ्या दिवशी गिरणीवाला स्वतः डबा घेऊन त्यांच्या दाराशी गेला. त्यानंतर पोलिसांना बोलवावे लागले.

पुढच्या आठवड्यात त्याने गल्लीतल्या एकट्या राहणाऱ्या आम्हा नऊ जणांना बोलावले. पिठाने पांढऱ्या झालेल्या बाकावर चौघे बसले, बाकीचे उभे राहिलो. प्रस्तावना वगैरे काही नव्हती.

"पुढच्या खेपेला डबा घेऊन मी येणार नाही," तो म्हणाला. "तुमच्यातलं कोण उठलं, कोण नाही, ते तुमचं तुम्ही सकाळी बघायचं. नाहीतर दळण दुसरीकडे टाका."

तेव्हा ठरले ते असे. सकाळी सात वाजता पहिल्याने दुसऱ्याला फोनवर रिंग द्यायची, दुसऱ्याने तिसऱ्याला, आणि नवव्याने गिरणीत. जो आपल्याला रिंग देतो, त्याच्या घराची एक किल्ली आपल्या घरी खिळ्याला. रिंग आली नाही तर किल्ली घेऊन जायचे. माझ्या आधी बालवाडीच्या निवृत्त बाई होत्या. माझ्यानंतर निवृत्त बस कंडक्टर. म्हणजे बाईंची किल्ली माझ्याकडे आणि माझी कंडक्टरकडे.

साखळी रिंगेपुरती राहिली नाही. कंडक्टरच्या डोळ्याचे ऑपरेशन झाले तेव्हा दिवसातून चार वेळा थेंब घालायची पाळी आठ जणांनी वाटून घेतली. मला हर्नियाचा त्रास झाला तेव्हा बाईंनी नऊ दिवस मऊ भाताचा डबा पाठवला. मी डबा घासून परत पाठवत असे. त्यासोबत एखादा शब्द पाठवावा, हे मला सुचले नाही.

मी औद्योगिक प्रशिक्षण संस्थेत फिटिंगचा निदेशक होतो. सुताभराची चूक असलेला जॉब मी तीस वर्षे परत केला. साखळीत मला पहिल्या महिन्यातच चूक दिसली. बाईंची रिंग आली की मी फोन उचलत असे, आणि बाई बोलू लागत. गुडघा, नळाचे पाणी, बालवाडीतला कोणी मुलगा आता दाढी ठेवून भेटला ते. पंधरा मिनिटे. तोवर पुढची रिंग अडून राहिलेली. एकदा शेवटची रिंग गिरणीत आठला पोहोचली; तोवर गिरणीवाला गिरणी बंद करून घरोघर फिरत होता.

मी नियम लिहून गिरणीच्या भिंतीला लावला. फक्त दोन रिंगा द्याव्यात. फोन कोणीही उचलू नये.

बाई भिंतीसमोर उभ्या राहून वाचत होत्या. "सर, हे मला उद्देशून आहे का हो?"

"सर्वांना उद्देशून आहे."

"मग अक्षर एवढं मोठं कशाला? मी एकटीच चष्म्याची आहे इथे." त्या हसल्या. "बरं. नाही उचलायचा तर नका उचलू. वाजू द्या."

कंडक्टर मागून म्हणाला, "बाई, सरांकडनं हाफ तिकीट पन मिळत न्हाय. तुम्ही गप्पा मागताय."

त्यानंतर मी एक वही ठेवली. कोणाची रिंग किती वाजता, किती उशीर. बाई अधूनमधून तीन रिंगा देत, मुद्दाम. वहीत त्याची नोंद आहे.

तो मार्गशीर्षातला एक गुरुवार होता. बरोबर सातला बाईंच्या दोन रिंगा आल्या. मी कंडक्टरला दोन दिल्या आणि चहा टाकला. चहा गाळत असताना फोन पुन्हा वाजू लागला. बाईच. या खेपेला तो दोनवर थांबला नाही. वाजून वाजून बंद झाला. मग पुन्हा वाजला. मला वाटले, खोडी चालली आहे. तिसऱ्या वेळी मी आवाज बंद केला, फोन टेबलाच्या खणात ठेवला आणि वही काढली. त्या तारखेपुढे माझ्या अक्षरात लिहिलेले आहे: "बाई. तीन वेळा जादा. समज देणे."

मग मी वर्तमानपत्र वाचले. सगळे वाचले. स्नान केले.

साडेदहाला दारावर थापा पडल्या. कंडक्टर होता. तो आपले वर्तमानपत्र वाचून झाले की बाईंना नेऊन देत असे.

"सर, किल्ली! बाईंची किल्ली द्या. बेल वाजवतोय, दार उघडंना. आतनं आवाज येतोय कसला तरी."

बाई न्हाणीत पडल्या होत्या. सातला मला रिंग देऊन त्या पाणी भरायला गेल्या आणि ओल्या फरशीवरून पाय सरकला. खुबा मोडला होता. चष्मा उडून बादलीमागे गेला होता. फोन गाऊनच्या खिशात होता. साधा, बटणांचा. चष्म्याशिवाय त्यांना त्यावरचे काही दिसत नसे. हिरवे बटण दोनदा दाबले की शेवटचा नंबर पुन्हा लागतो, एवढे हाताला ठाऊक होते. शेवटचा नंबर रोज माझाच असे. साखळीची रचनाच तशी होती.

साडेतीन तास त्या गार फरशीवर होत्या. ओठ काळेनिळे पडले होते. मी वाकलो तेव्हा त्यांनी माझ्याकडे पाहिले आणि अगदी हळू विचारले, "सर, फोन वाजला का हो?"

कंडक्टर शेजारी उभा होता.

मी म्हणालो, "नाही."

"रेंज नसंल," कंडक्टर म्हणाला.

"नसेल," मी म्हणालो.

बाईंनी डोळे मिटले. पुन्हा विचारले नाही.

त्यांना रुग्णालयात पोहोचवून घरी आलो, खण उघडला आणि फोन पाहिला. सातच्या रिंगांनंतर बाईंचे अकरा कॉल. पहिले तीन मी ऐकले होते. उरलेले आठ खणात आले होते; शेवटचा आठला दहा मिनिटे कमी असताना. मी ती यादी पुसली. पुसायला अर्धा तास लागला, कारण ते कसे करतात हे मला ठाऊक नव्हते आणि कोणाला विचारण्याजोगे ते काम नव्हते.

बाईंच्या खुब्याचे ऑपरेशन झाले. त्यांची मुलगी वाघोलीला राहते, आयटीत नोकरी करते. रुग्णालयाच्या बाकावर ती आम्हा दोघांना म्हणाली, "काका, तुम्ही सगळे खूप करता, रिअली. पण तुमची ती चेन फेल गेली ना? नेक्स्ट टाइम काय? आई आता माझ्याकडे येणार."

"ताई, साखळी कधी फेल गेली न्हाय," कंडक्टर म्हणाला. "त्या दिशी फोननं दगा दिला. मी फोन नीट करून आणतो. बाईंचा जीव तिकडं लागायचा न्हाय."

"आईचा जीव राहिला पाहिजे, काका. लागण्याचं नंतर बघू."

मी भिंतीवरचे सूचनाफलक वाचत होतो.

कंडक्टर त्या संध्याकाळी बाईंचा फोन बुधवार पेठेत दुरुस्तीला घेऊन गेला. परतताना माझ्याकडे आला. आत बोलावले तरी उंबऱ्यातच उभा राहिला.

"तो म्हणतो, फोन ठणठणीत हाय. सर, तुमचा पन दाखवून आणू का एकदा?"

"माझ्या फोनला काही झालेले नाही."

हे वाक्य खरे होते. त्याने ते ऐकून घेतले आणि जिना उतरून गेला.

महिन्याने बाई वाघोलीला गेल्या. घराला कुलूप लागले. साखळीत आता कंडक्टरच्या आधी मी आणि माझ्या आधी पूर्वी बाईंना रिंग देणारे गृहस्थ, अशी जोड दिली. ती टिकली नाही. पुढच्या कड्यांतल्या दोघांनी रिंग देणे बंद केले. त्यांतल्या एका आजींनी गिरणीत सांगितले, "वाजतच नसेल तर द्यायची कशाला? माझी मी देवाला हाक मारीन." गिरणीवाला भिंतीवरचा माझा कागद काढत होता. त्याच्या हातात कागद पाहून मला जे वाटले ते मी येथे लिहीत नाही. गल्लीतल्या आठ जणांनी एकमेकांवर ठेवलेला भरवसा माझ्या एका शब्दाने निकालात निघाला होता. शिवाय एक स्त्री तिच्या घरातून उठली होती. मला तो शब्द परत घ्यायचा होता, आणि मी आणखी तीन आठवडे घालवले.

मग एका रविवारी बस धरून वाघोलीला गेलो. सातवा मजला. बाई गॅलरीत वॉकर पुढ्यात घेऊन बसल्या होत्या. मुलगी चहा घेऊन आली. मी चहाला हात लावण्यापूर्वी बोललो. लांबवले असते तर बोललो नसतो.

"बाई, फोन वाजला होता. तीनदा मी ऐकला. मग खणात ठेवला. तुम्ही विचारलेत तेव्हा मी खोटे बोललो."

बाईंनी बशी खाली ठेवली.

"ठाऊक आहे, सर. पलीकडे वाजतोय हे कानाला कळतं ना. टुर्र टुर्र होतं. अकरा वेळा मी तेच ऐकत होते."

"मग मला का विचारलेत?"

"तुम्ही काय म्हणता ते बघायला." त्यांनी वॉकर जवळ ओढला. "आणि कंडक्टर शेजारी होते. खरं बोलला असतात तर बरं झालं असतं. नाही बोललात. मी तिथं उघडं पाडलं असतं, तर तुम्ही त्या गिरणीत पुन्हा पाऊल टाकलं नसतंत. मला निदान मुलगी आहे. तुम्ही पडलात तर किल्ली घेऊन कोण येणार होतं?"

मी मुलीकडे वळलो.

मुलगी उभीच होती. मी तिला म्हणालो, "साखळी नापास झाली नव्हती. नापास मी झालो. आपण म्हणालात म्हणून हे सांगणे जरूर होते. बाईंना परत यायचे असेल तर..."

"काका," ती शांतपणे म्हणाली. आवाज चढला असता तर मला सोपे गेले असते. "फोनला रेंज नव्हती असं समजून मी आईला उन्हाळ्यानंतर परत पाठवणार होते. आता नाही पाठवणार."

चहावर साय धरली होती. मी तो प्यालो आणि निघालो.

दुसऱ्या दिवशी गिरणीत सगळ्यांना सांगितले. उभे राहून, न थांबता. पट्टा फिरत होता. गिरणीवाल्याने बटण बंद केले, त्यामुळे शेवटची दोन वाक्ये फार मोठ्याने ऐकू आली. कोणी शिव्या दिल्या नाहीत. आजी म्हणाल्या, "म्हणजे वाजतो तर." त्यांनी दुसऱ्या दिवसापासून पुन्हा रिंग द्यायला सुरुवात केली. गिरणीवाला म्हणाला, "सर, तो नियमांचा कागद मी तेलाच्या डब्याखाली घातलाय, गळतो म्हणून. हवा असेल तर घेऊन जा." कंडक्टर माझ्याशी दहा दिवस बोलला नाही. रिंग मात्र घेत होता.

बाईंच्या घराची किल्ली अजून माझ्या खिळ्यावर आहे. मी ती मुलीकडे पाठवली होती. बाईंनी परत पाठवली. जाता येता ती दिसते. मला सोसत नाही, आणि मी ती काढूनही ठेवत नाही.

मागच्या महिन्यात एका सकाळी, सातला, वाघोलीहून फोन वाजला. पहिल्याच रिंगेला मी उचलला.

"अहो सर, दोन तरी होऊ द्यायच्या," बाई म्हणाल्या. "मी साखळीत आहे अजून. लांबची कडी. चालेल ना?"

"चालेल." एवढ्या वर्षांत कधी न विचारलेले विचारले. "गुडघा कसा आहे?"

त्या सांगू लागल्या. गुडघा, खुबा, सातव्या मजल्यावरचा वारा, लिफ्टमध्ये भेटणारी आणि कोणाकडेही न पाहणारी माणसे. मी उभा राहून ऐकत होतो. घड्याळ समोर होते. सात दहा. सात वीस. कंडक्टरला रिंग द्यायची राहिली होती, हे मला कळत होते.

जिन्यावर धडधड पावले वाजली. कुलपात किल्ली फिरली. कंडक्टर बनियनवर, धापा टाकत दारात. मागे पिठाच्या हातांचा गिरणीवाला.

"सर! जिते हाय का न्हाय?"

मी फोन कानाशी धरून त्यांच्याकडे पाहिले.

"कोण आहे हो?" फोनमधून बाईंनी विचारले.

"कंडक्टर आले आहेत," मी म्हणालो. "उशीर माझा झाला."