उद्याला शब्द नसतात

मी सिडकोत राहतो. अंबडला कारखान्यात एकतीस वर्षं लेथ चालवली. शिक्षण सातवी, तेव्हा लिहिण्यात चुका असणारच. करणी, भूतबाधा, अंगात येणं असलं काही सांगायला कोणी आलं की मी त्याच्या तोंडावर हसायचो. मापात बसेल ते खरं, बाकी गप्पा. भूत मी आजही मानत नाही. भुताची गोष्ट पाहिजे असेल त्याने पुढं वाचू नये... हे माझ्या लाजेचं आहे.

आमची मंडळी, शकुंतला, जाऊन पाच महिने झाले. साठीनंतर तिला गाण्याचं खूळ लागलं होतं. आमच्या मागच्या गल्लीतल्या समाजमंदिरात एक बाई तीस बायकांना शिकवायच्या. भजन नाही - काळ म्हणजे काय ते सांगणारं गाणं, बाईंनी स्वतः रचलेलं. मी म्हणायचो, "वेळेचं गाणं घड्याळाला म्हणू दे, तू भाकरी टाक."

ती मला समजावून सांगायची. बायकांच्या तीन रांगा. मधली आजची. ती घरातली रोजची वाक्यं गाते - दूध उतू गेलं, जेवलात का, येते हं. मागची रांग कालची. ती तेच परत म्हणते, पण दर वेळी एकेक शब्द गळतो, शेवटी नुसती चाल राहते. आणि पुढं उभी राहते ती उद्याची रांग. आजच्या रांगेने गायच्या आधीच ती पुढची चाल गुणगुणते, तोंड मिटून. बाईंचा नियमच होता - उद्याला शब्द नसतात. शकुंतला या रांगेत होती.

ती गेली त्या दिवशी दुपारी तीनची प्रॅक्टिस. मला चहा मिळाला नव्हता म्हणून माझं डोकं फिरलेलं. ती चपला घालून दारात उभी राहिली. "अहो, येते हं."

आपल्यात निघताना कोणी जाते म्हणत नाही, येते म्हणतात. आणि घरातल्याने ये म्हणायचं असतं. पोरगी लहानपणी एकदा जाते म्हणाली तर मीच तिला धपाटा घातला होता. पण त्या दिवशी मी पेपरातून मान वर न काढता बोललो, "जा. लॅच ओढून घे. परत उघडणार नाय मी."

तिने लॅच ओढून घेतलं. समाजमंदिराच्या पायरीवर तिच्या छातीत कळ आली. दवाखान्यात पोचेपर्यंत खेळ संपला होता.

भेटायला आलेल्यांना मी सांगितलं, "येते म्हणाली, मी सावकाश ये म्हणालो." बायका डोळे पुसायच्या. माझी मुलगी मनीषा पिंपळगावला दिलेली आहे, ती तर हे ज्याला त्याला सांगायची.

तेराव्यानंतर शेजारच्या कुसुमताई मोबाईल घेऊन आल्या. त्याही त्याच गाण्यात होत्या. "भाऊ, प्रॅक्टिसचं रेकॉर्डिंग आहे. ताईंचा आवाज आहे यात." मनीषा माझ्या शेजारी बसलेली.

गाणं सुरू झालं. उद्याच्या रांगेने 'येते हं'ची चाल गुणगुणली. आणि त्या गुणगुणण्यातून शकुंतलाचा आवाज आला, स्वच्छ, सुरात - "जा... लॅच ओढून घे... परत उघडणार नाय मी..."

मनीषा माझ्याकडे वळली.

"आई हे काय म्हणतेय, आप्पा?"

"गाण्यातलं असेल काहीतरी."

"कुठलं गाण्यातलं!" कुसुमताई हसल्या. "बाई किती रागावल्या होत्या! म्हणाल्या, शकुंतलाबाई, उद्याला शब्द नसतात. तर ताई काय म्हणाल्या माहितीये? आमच्या घरी असतात, बाई!"

तुम्ही म्हणाल, म्हातारा रोजच असं बोलत असेल, तिचं पाठ झालं असेल. खरंय, तोंडाचा मी वाईटच आहे. पण रेकॉर्डिंगची तारीख मी स्वतः पाहिली. ती जायच्या तीन आठवडे आधीची. तेव्हा आमच्या दाराला कडी आणि कुलूप होतं. लॅच मी बसवलं ते ती जायच्या दोन दिवस आधी, अचानक मनात आलं म्हणून. तिलाही विचारलं नव्हतं.

मी मोबाईल कुसुमताईंना परत दिला. तिथं बोललो असतो तर निदान पुढचं टळलं असतं.

गेल्या महिन्यात त्याच समाजमंदिरात कार्यक्रम झाला. आईच्या जागी मनीषा उभी राहिली. मला पहिल्या रांगेत बसवलं, शाल दिली. 'येते हं'ची ओळ आली आणि आजच्या रांगेतल्या दहा बायका एकदम गायल्या - "सावकाश ये..." मनीषाने बाईंना सांगून ते घालून घेतलं होतं. लोक माझ्याकडे वळून बघायला लागले. कालच्या रांगेने ते उचललं, परत परत म्हटलं. शब्द गळत गेले, चाल राहिली. माझं खोटं माझ्यादेखत काल होऊन बसलं... आता ते कोण पुसणार?

कार्यक्रमानंतर मी मनीषाला बाजूला घेतलं आणि सगळं सांगितलं. खाली बघूनच.

ती म्हणाली, "मला त्याच दिवशी कळलं होतं, आप्पा. आवाज आईचा होता, पण बोलणं तुमचं होतं."

"मग हे 'सावकाश ये' कशाला घालायला लावलंस?"

"तुम्ही कधी तोंड उघडता ते बघायचं होतं. कार्यक्रमाच्या आधी उघडाल वाटलं होतं."

शाल तिच्याच हातात देऊन मी घरी आलो.

दाराला लॅच नव्हतं तेव्हा तिला लॅच कसं कळलं, याचं उत्तर माझ्याकडे नाही. बाईंकडेही नाही, विचारून झालं. पण रात्रंदिवस मला खातं ते वेगळंच. मी काय बोलणार हे तिला तीन आठवडे आधी माहीत होतं... तरी त्या दुपारी दारात थांबून, माझ्याकडे बघून, ती 'येते' का म्हणाली?