गव्हाणची सात रिळं

डबा उघडला आणि नाकात व्हिनेगरचा वास गेला. मी मान फिरवली. ते हिराजीकाकांनी पाहिलं.

"काय झाला, मॅडम?"

गव्हाणच्या हिराजीकाकांची पूर्वी तंबू टॉकीज होती. जत्रेजत्रेत सिनेमे दाखवायचे. त्यातल्या एका चित्रपटाची निगेटिव्ह केव्हाच नष्ट झाली होती. आमच्या माहितीत उरलेली एकच प्रिंट, ती यांच्या माळ्यावर. सात रिळं. मी जुने चित्रपट जपणाऱ्या अर्काइव्हमध्ये प्रिंट तपासते. राहते इथून जवळच, खांदा कॉलनीत, म्हणून मलाच पाठवलं.

काकांनी डबे जिवापाड जपले होते. खाडीची हवा लागू नये म्हणून चिकटपट्टी, वर प्लास्टिक. नेमकं तेच नडलं. जुनी फिल्म सडू लागली की ॲसिडची वाफ सोडते. ती कोंडली तर सडणं वाढत जातं. फिल्म आकसते, मशीनमध्ये चालत नाही.

सहा डबे उघडले. सहाही तसेच. ऑफिसला फोन लावला.

"काही वाचेल?" सरांनी विचारलं.

"तुकडे. तेही नशीब असेल तर."

"आणि सातवं?"

सातव्याला डबाच नव्हता.

"तो हिनं नेला, सुके बोंबील भरायला," काका तडकले. "किती बोललो हिला!"

"मंग बोंबील काय तुमच्या डोक्यावर ठेवायचं व्हतं?" आतून नामीकाकू म्हणाल्या आणि सुती लुगड्यात गुंडाळलेलं रीळ घेऊन आल्या. इतकी वर्षं ते माळ्याच्या खिडकीशी वारा खात पडलेलं. कडेला बुरशी होती, पण ती पुसता येते. फिल्म वाकवून पाहिली. लवचिक होती! मला आनंदाने रडूच यायचं बाकी होतं.

काकांनी मात्र उघड्या सहा डब्यांकडे पाहिलं. मग म्हणाले, "म्हंजे बाकीची मीच मारली?"

"काका, बाकीच्या तंबूवाल्यांनी प्रिंटा भंगारात दिल्या. तुम्ही ठेवल्यात म्हणून मी इथे आले."

त्यांना ते पटलं नाही. मलाही पुरतं बरं वाटलं नाही.

सातवं रीळ पूर्ण स्कॅन झालं. म्हणजे शेवट वाचला. बाकी सहांतून तुकडे निघाले. ते जोडून गव्हाणच्या शाळेत दाखवलं. पहिल्याच तुटीला पडदा काळा झाला, लोक चुळबुळले. तेवढ्यात काका उठले, माइक घेतला आणि गेलेला प्रसंग सांगू लागले. संवादांसकट. हा सिनेमा त्यांनी शेकडो वेळा दाखवला होता. पुढच्या प्रत्येक तुटीला तेच. लोकांनी टाळ्या वाजवल्या, काकूंनी तर सर्वांत जास्त.

मी धावत जाऊन मोबाइलवर रेकॉर्डिंग सुरू केलं. पहिली तूट तोवर हुकली होती. दुसऱ्या दिवशी काकांना ऑफिसात बोलावून ती पुन्हा सांगायला लावली.

आता प्रिंट आणायला जाते तेव्हा रेकॉर्डर आधी चार्ज करते. फिल्मला मी महिनाभर थांब म्हणू शकते. ती दाखवणाऱ्या माणसाला तसं म्हणता येत नाही.