भैय्यालालची मुहूर्त-मशीन

सानगडीच्या कोष्टीपुऱ्यात भैय्यालाल सोनकुसरेनं जन्मात एखादं लुगडं वेळेवर विणून दिलं असेल, तर जिनं ते नेसलं तिनं पुढं यावं. दिवाळीचं लुगडं संक्रांतीला, संक्रांतीचं लग्नसराईला. वर तोंड करून म्हणणार, "बाई, उशीर मी नाई केला. टाइमच घाईनं चालला गेला."

घरातून बायको गिरजाबाई ओरडायची, "टाइमले पाय आहेत, तुमाले नाईत!"

अशा माणसानं काळाला लगाम घालायची मशीन काढावी, यात नवल नाही. ज्याचं ज्याच्याशी वाकडं, तोच त्याच्या मागं लागतो.

चौऱ्याहत्तरच्या उन्हाळ्यात नंदलाल दुकानदाराच्या मुलीचं लग्न होतं. मुहूर्त टळायला आलेला, आणि नवरदेवाचं वऱ्हाड शहापूरहून निघून वाटेत कुठंतरी रसवंतीवर बसलेलं. भटजी पंचांग बघून बघून घामाघूम. तेवढ्यात भैय्यालाल उठला, घरून जुनी सायकल आणून स्टँडवर चढवली, नंदलालच्या भिंतीवरचं घड्याळ उतरवलं, लंबकाला सूत बांधून दुसरं टोक चाकात अडकवलं आणि सीटवर बसून पायडल उलटं मारू लागला.

उलट्या पायडलनं चाक फिरत नाही, हे कोणीही सांगेल. पण चाक फिरत नव्हतं, लंबकही हलत नव्हता, म्हणूनच तर लोकांची खात्री पटली की वेळ थांबली!

"मागावर ताणा ढिला सोडला का कापड थांबते का नाई?" भैय्यालालनं शास्त्र सांगितलं. "तसाच टाइमचा ताणा ढिला केला. येऊ द्या वऱ्हाड सवडीनं."

भटजींनी पंचांग मिटलं. "पोथीत या मशीनला मनाई नाही," ते म्हणाले. आणि लग्न लागलं.

मग काय विचारता! ज्या घरी लग्न, त्या घरून आधी मशीनला निरोप, मागून आचाऱ्याला. वऱ्हाडं वाटेतल्या सोयऱ्यांकडं चहा घेत, विहिरीवर आंघोळी उरकत येऊ लागली. वाजंत्री ऐकू आल्याशिवाय आचारी चूल पेटवीना. एक पुढारी सकाळच्या मंडईचं उद्घाटन करायला दिवस बुडाल्यावर आला आणि म्हणाला, "ती मशीन चालू होती ना?" "होती जी, सकाळच आहे," लोक म्हणाले, आणि कंदील धरून फीत कापली.

मशीन काही करत नाही, हे भैय्यालालला आतून ठाऊक होतं. पण लोक आता त्याला 'भैय्याजी' म्हणत. नावाला जी लागला की माणसाचा स्वतःवर विश्वास बसतो.

ब्याऐंशी साली त्याच्या रुखमिणीचं लग्न ठरलं. जावई चांगला. पण व्याही, म्हणजे इवाई? बाबूलाल धकाते! चिखल्याच्या खाणीत हजेरी मांडणारा माणूस. भोंगा वाजल्यावर जो आला तो घरी गेला, असा त्याचा खाक्या. बोलणी करतानाच त्यानं बजावलं, "मुहूर्त टळला तर वऱ्हाड वापस. पोरगी कितीही चांगली असो."

भैय्यालाल हसला. मशीन घरचीच होती.

लग्नाच्या दिवशी अघटित घडलं. वऱ्हाड वेळेवर आलं.

सानगडीत असं कधी झालंच नव्हतं. आचारी मांडवात घोरत होता, भटजी तलावावर आंघोळीला गेले होते, नवरीच्या अंगची हळदही धुतली नव्हती. ट्रकमधून बाबूलाल उतरला, मनगटावरचं घड्याळ बघितलं आणि विचारलं, "मंडळी कुठं आहे?"

"मशीन लावा, मशीन!" सगळा मांडव ओरडला.

बाबूलाल सायकलभोवती फिरला, सूत बोटानं ओढून पाहिलं. "भैय्यालालजी, हे कसं चालते?"

आजवर कोणी विचारलंच नव्हतं. भैय्यालालनं दाराकडं पाहिलं. ओल्या हळदीत रुखमिणी उभी होती. लोकांच्या पोरी त्यानं या सायकलवर बिनधास्त उजवल्या होत्या. आपल्या पोरीच्या वेळेला त्याची जीभ खोट्याला वळेना.

"इवाईजी, खोटं नाई बोलत," तो हात जोडून म्हणाला. "चाक बी फिरत नाई आन् टाइम बी थांबत नाई. मी नुसता पायडल मारतो. चूक मायी आहे, पोरीची नाई. थोडंसं तुमीच थांबा जी."

इवाई काही बोलायच्या आत गावच उसळलं.

"काय गा भैय्या, काय बडबडून राहिला?" नंदलाल ओरडला. "मंग मायी पोरगी बेमुहूर्त दिली काय मी?"

"आन् माह्या तिन्ही सुना?" गोदावरीबाईनं कपाळाला हात लावला.

दोन जावई तर उठून उभेच राहिले. त्यांच्या चेहऱ्यावर दुःखापेक्षा आशाच जास्त दिसत होती.

ओल्या धोतरानं भटजी धावत आले. "मशीन चालते! मी साक्षीला आहे!"

"गावानं काय मानायचं ते मानावं," बाबूलाल म्हणाला. "ट्रक वळवा."

तेव्हा वऱ्हाडातल्या बायांमधून त्याची थोरली सून आनंदाबाई पुढं आली. कडेवर पोर. ती सानगडीचीच लेक.

"मामाजी, मंग मायं लगन?"

"तुयं काय?"

"तवा तुमचा ट्रक साकोलीजवळ पंचर होता. तुमी आले तवा मुहूर्त निघून गेला होता. मांडवामागं हीच मशीन चालू होती, मी डोयानं पायली. ती खोटी असन, तर मी तुमच्या घरी कायची सून?"

बाबूलालनं नातवाकडं पाहिलं. नातू त्याच्या मिशीकडं हात करत होता. बाबूलालनं मनगटावरचं घड्याळ हळूच काढलं आणि खिशात टाकलं.

"काहून उभे आहात सारे?" तो खेकसला. "लावा मशीन!"

भैय्यालाल सीटवर चढायला निघाला, तर भटजींनी त्याला धरलं. "मुलीचा बाप पायडल मारत बसला, तर कन्यादान कोण करील?" आचारी चुलीकडं पळालेला, पोरं पाण्याला, बाया नवरीकडं. मांडवात रिकामा माणूस एकच उरला होता.

बाबूलाल पँट वर खोचून सायकलवर बसला आणि सवयीनं सरळ पायडल मारलं. चाक गरगरलं, सूत तटकन तुटलं.

"उलटं मारा जी, उलटं!" मांडव किंचाळला. "नाईतर उद्याचा दिवसच येईल!"

दारात रुखमिणीला हसू फुटलं.

लग्न लागलं, पंगती उठल्या, उन्हं कलली. गिरजाबाई तांब्याभर पाणी घेऊन गेली, तर घामानं निथळलेला इवाई अजून उलटं पायडल मारतच होता.

"उतरा आता जी, झालं लगन."

"किती वाजले, बाई?"

"मले काय मालूम? पायडल तर तुमच्या पायात आहे."