नरसय्या मास्तरांचा शेवटचा फार्स

तालमीला नरसय्या मास्तर हातात चप्पल घेऊनच बसत. एखादा नट लाडीगोडीनं हशा मागायला लागला की ती सुटायची. पहिल्याच दिवशी माझ्या खांद्यावर बसली. मी बावीस वर्षांची शाळामास्तरीण. डोळ्यांत पाणी आलं.

"हसू मागू नगं, मंगल. भिकारी हाईस का? माणसाच्या नरड्यावर पाय दे, आपसूक हसतंय."

मी तीच चप्पल उचलून त्यांच्या छातीवर हाणली. मास्तर एकदम खूश. "हां! ही चालतीय की!"

दिवसभर ते भवानी पेठेत यंत्रमागावर असत. घरात तेलुगू, फार्स मात्र मराठीत. त्यांच्या फार्सात मारामारी ठरलेली. सून सासऱ्याला बडवायची, चोर फौजदाराला बुकलायचा आणि लोक पोट धरून हसायचे. कधी प्रेक्षकांत नट बसवायचे, कधी आम्हाला न सांगता अख्खा प्रवेश बदलायचे. "नटाला ठाऊक असलं की तो खोटं दचकतोय," म्हणायचे.

दुष्काळाच्या साली त्यांनी नळावर फार्स लिहिला. पेठेतला एक पुढारी सार्वजनिक नळाला कुलूप घालून फक्त आपल्या माणसांना पाणी सोडायचा. मास्तरांनी त्याचं चालणं, खाकरणं, मिशी पिळणं, सगळं फार्सातल्या पुढाऱ्यात उतरवलं. हात तोडू, असा निरोप आला. मास्तर म्हणाले, "डावा तोडा म्हणावं. उजव्यानं लिवतो मी."

प्रयोग रविवारी दुपारी होता. मास्तर घागर घेऊन पाणी मागायला आलेला गरीब माणूस झाले होते, मी पुढाऱ्याची बायको. प्रेक्षकांतून चौघे उठले आणि रंगमंचावर चढले. एकानं सायकलची चेन फिरवली. मास्तर गुडघ्यावर आले. लोक खदखदून हसले.

मला वाटलं, मास्तरांनी पुन्हा प्रवेश बदलला. मी कमरेवर हात ठेवून पुढचं वाक्य टाकलं, "अवो, बेतानं हाणा, घागर फुटंल की!"

हशानं सभागृह दणाणलं. त्या हशातच चेन आणखी तीनदा उतरली. तोंडावर, हातावर, पुन्हा तोंडावर. मास्तरांनी मान वर केली. उजव्या डोळ्याच्या जागी नुसतं रक्त होतं. मी किंचाळले. माझ्या किंचाळण्यालाही मागच्या रांगा हसल्या.

डोळा गेला. मास्तरांनी चौघांची नावं सांगितली, पण साक्षीला कुणी येईना. जो तो एकच म्हणे, "आम्हाला वाटलं, नाटकच आहे." वडिलांनी मला दाराशी अडवलं. "उद्या तुझ्या तोंडावर चेन बसली तर?" तरी मी कोर्टात गेले. सगळं सांगितलं. चौघांच्या वकिलानं एकच प्रश्न विचारला, "मारहाण खरी होती, तर बाई, तुम्ही विनोद कसा केला?"

चौघे सुटले.

बाहेर मी मास्तरांच्या पाया पडायला वाकले. त्यांनी दंड धरून मला उभं केलं.

"रडू नगं. तू आलीस, लई झालं. वकिलानं चुकीच्या माणसाला इचारलं. मार बघून हसायला ह्या लोकांना कुणी शिकवलं? मीच की."

ते परत मागावर गेले. वर्षं गेली, फार्स काही आला नाही. दर सणाला मी त्यांच्या घरी जायची आणि दर वेळी म्हणायची, लिहा. शेवटच्या खेपेला ते खाटेवर पडून होते. मी वही पुढं केली.

त्यांनी ती हळूच बाजूला सारली. "लिवायला येतंय गं अजून. पण वाक्य सुचलं की लोक हसल्यालं ऐकू येतंय, आणि त्याच्यामागनं चेन."

त्यानंतर मी लिहा म्हटलं नाही. पंधरा दिवसांनी मास्तर गेले.